‘डॉर्ड’ला उच्चार कोणी दिला?

१९३४ साली निघालेल्या वेबस्टरच्या जाडजूड इंग्रजी कोशात ७७१व्या पानावर एक इवलीशी नोंद होती. तिच्या वर एका लहान जातीच्या कांगारूचं नाव, खाली सोनेरी रंगासाठीचा एक शब्द, आणि मधोमध ‘डॉर्ड’. नाम. भौतिकशास्त्र आणि रसायनशास्त्र. अर्थ: घनता. जवळजवळ पाच वर्षं हा शब्द तिथे कुणाच्या अध्यात ना मध्यात असा बसून होता. २८ फेब्रुवारी १९३९ रोजी कोशाच्या एका संपादकाची नजर त्यावर पडली आणि अडकली, कारण नोंदीत व्युत्पत्तीच नव्हती. शोधाशोध झाली. ३१ जुलै १९३१ ची एक चिठ्ठी सापडली. रसायनशास्त्राचे संपादक ऑस्टिन पॅटरसन यांनी ती पाठवली होती, आणि तिच्यावर एवढंच होतं की मोठा डी किंवा छोटा डी हे घनतेसाठीच्या इंग्रजी शब्दाचं संक्षिप्त रूप म्हणूनही घ्यावं. ‘डी ऑर डी’. टंकलेखनात अक्षरांमधलं अंतर असं काही पडलं, की चारही अक्षरं एकाच शब्दाची वाटली. चिठ्ठी संक्षेपांच्या गठ्ठ्यात जायची ती शब्दांच्या गठ्ठ्यात गेली.

ही गोष्ट सांगताना लोक चुकलेल्या चिठ्ठीपाशी थांबतात. मला मात्र नोंदीतला दुसराच तपशील छळतो. तिथे उच्चारही दिलेला होता.

म्हणजे कार्यालयात कुणीतरी तो शब्द हातात घेतला, मनातल्या मनात म्हणून पाहिला, आणि त्याच्यापुढे कंसात उच्चारखुणा लिहिल्या. जगात कुणीही कधीही न उच्चारलेल्या शब्दाचा उच्चार. आणि तो बरोबर होता! असा शब्द खरोखर असता तर इंग्रजी बोलणारा तो तसाच बोलला असता. कारण लॉर्ड आहे, कॉर्ड आहे, फोर्डही आहे. त्या माणसाने आपलं काम चोख केलं होतं. दुर्मीळ इंग्रजी शब्दांचे उच्चार कोशात येतात कुठून, याचं उत्तर या चोख केलेल्या कामातच दडलेलं आहे. आपली समजूत अशी असते की कोशकाराने तो शब्द कुठेतरी ऐकला असणार. बोलीतल्या शब्दांबाबत ते खरंही आहे. पण जे शब्द फक्त कागदावर जगतात, त्यांना ऐकणार कोण? त्यांचे उच्चार अनुमानाने ठरतात. सारख्या बांधणीचे, रुळलेले शब्द शेजारी उभे करायचे आणि त्यांच्या चालीने नव्याला चालवायचं.

‘अप्रिसिटी’ घ्या. अर्थ फार गोड आहे: हिवाळ्यातल्या उन्हाची ऊब. आपण ‘कोवळं ऊन’ म्हणतो ना, त्याच्या अगदी जवळचं काहीतरी, फक्त थंडीच्या दिवसांपुरतं. हेन्री कॉकरम यांच्या १६२३च्या कोशात तो आहे. हा कोश अवघड शब्दांचा होता. इंग्रजीतला पहिला इंग्रजी-इंग्रजी कोश, रॉबर्ट कॉड्री यांचा १६०४चा, तोही तसाच, जेमतेम अडीच हजार कठीण शब्दांचा. घर, झाड, पाणी यांचे अर्थ लिहून ठेवावेत असं तेव्हा कुणाला वाटलंच नव्हतं, आणि अवघड शब्द कसा म्हणायचा हे सांगण्याची पद्धतही अजून पडायची होती. सॅम्युअल जॉन्सन यांच्या १७५५च्या कोशात आघाताची, म्हणजे शब्दात जोर कुठे द्यायचा याची, खूण आहे, पण तेवढीच. शब्दागणिक सविस्तर उच्चार देणारा जॉन वॉकर यांचा गाजलेला कोश १७९१चा. तेव्हा १६२३ साली कॉकरमने ‘अप्रिसिटी’ कशी म्हटली असेल ते विचारायची सोय नाही. लॅटिनमधल्या ‘उन्हाचा, उन्हात असलेला’ अशा अर्थाच्या विशेषणावरून तो घडलाय, आणि लोकांच्या तोंडी तो कधी रुळला नाही. तरी आजच्या कोशात त्याचा उच्चार छातीठोकपणे दिलेला असतो, कारण शेवटी ‘-इटी’ आहे. ‘-इटी’ आली की आघात तिच्या लगेच आधीच्या अवयवावर, म्हणजे एका दमात म्हटल्या जाणाऱ्या तुकड्यावर, पडतो: फेलिसिटीत ‘लि’वर, सिम्प्लिसिटीत ‘प्लि’वर. मग इथे ‘प्रि’वर. आयच्या आधी सी आहे, म्हणून ‘स’. सुरुवातीचा ए आघाताबाहेर राहिला, म्हणून तो आपल्या ‘अ’इतका हलका. अ-प्रि-सि-टी. एवढ्यात झालं.

यातला आघात हा आपल्याला सर्वांत जड जाणारा भाग आहे. मराठीत प्रत्येक अक्षराला जवळजवळ सारखं वजन मिळतं, आणि आघात बदलल्याने शब्द बदलला असं आपल्याकडे होत नाही. इंग्रजीत आघाताचा अवयव नुसता जोरात म्हटला जात नाही. तो लांबतो, त्याचा सूर चढतो, त्याचा स्वर पूर्ण उमलतो, आणि शेजारचे अवयव आक्रसून जातात. त्या आक्रसलेल्या स्वराला ‘श्वा’ म्हणतात, उलटा ई हे त्याचं चिन्ह, आणि इंग्रजी बोलण्यात सर्वांत जास्त वेळा येणारा स्वर तोच. मौज म्हणजे त्याच्या अगदी जवळचा ‘अ’ आपल्या जिभेवर जन्मापासून आहे. अडचण जिभेची नसून डोळ्यांची आहे. कागदावर ओ दिसला की आपण ‘ऑ’ किंवा ‘ओ’ म्हणणारच. पोटात गुडगुडतं त्या आवाजाला इंग्रजीत एक भारदस्त ग्रीक नाव आहे, ‘बॉर्बरिग्मस’. त्यात ‘बी-ओ-आर’ दोनदा येतं. पहिल्यांदा ते ‘बॉर्’ आहे आणि दुसऱ्यांदा नुसतं ‘ब’ किंवा ‘बर्’, कारण जोर पुढच्या ‘रिग्’वर आहे. दोन्हीकडे ‘बॉर्’ म्हटलं तर समोरच्याला शब्द कळायला वेळ लागतो. एखादं व्यंजन थोडं इकडचं तिकडे झालं तर ऐकणारा सावरून घेतो, पण आघात चुकला की त्याच्या कानात वेगळाच शब्द शिरतो.

कोशातली आघाताची खूणही फसवते. आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपीत ती छोटी उभी रेघ आघाताच्या अवयवाच्या आधी असते. काही अमेरिकी कोशांत, विशेषतः जुन्या, ती अवयवाच्या नंतर येते. एका कोशाची सवय घेऊन दुसरा उघडला की जोर सरळ एक घर पुढे किंवा मागे सरकतो. म्हणून नवा कोश हाती आला की आधी ओळखीचा शब्द काढून पाहावा. ‘बनाना’ उत्तम: तिथे मधल्या अवयवावर जोर आहे हे सगळ्यांना ठाऊक असतं, रेघ त्याच्या कोणत्या बाजूला पडलीय ते लगेच कळतं. ध्वनिलिपीतला ‘जे’ हाही असाच सापळा आहे. तो ‘ज’ नव्हे, ‘य’ आहे. आणि दोन उच्चार दिलेले असतील तर पहिला शुद्ध आणि दुसरा चालवून घेतलेला, असं मानू नये.

ग्रीकमधून आलेल्या शब्दांपाशी मला जास्त वेळ रेंगाळावंसं वाटतं. सी-एच-टी-एच-ओ-एन-आय-सी. असा शब्द पानावर आला की मोठ्याने वाचणारा माणूस अर्धा क्षण थांबतो. ऐकणाऱ्याच्या लक्षातही येत नाही, पण वाचणाऱ्याला तो अर्धा क्षण फार लांब वाटतो. मग कुणी ‘क्थॉनिक’ म्हणतो, कुणी ‘चथॉनिक’, कुणी सरळ पुढच्या शब्दावर उडी मारतो. उच्चार आहे ‘थॉनिक’. अर्थ भूमीखालचा, पाताळाशी जोडलेला. ग्रीकांच्या अधोलोकातल्या देवतांबद्दल बोलताना हा शब्द येतो. सुरुवातीचा ‘सी-एच’ मुका आहे, कारण इंग्रजीत शब्दाच्या तोंडाशी असं जोडाक्षर चालत नाही. पी-टी, पी-एस, एम-एन, जी-एन यांचीही तीच गत: पहिलं अक्षर लिहायचं आणि गिळायचं. पण हेच जोडाक्षर शब्दाच्या मध्यावर आलं की गिळलेला ध्वनी परत येतो, कारण आता त्याला टेकायला मागे स्वर मिळालेला असतो. टेरोडॅक्टिल या प्राचीन उडत्या प्राण्याच्या नावातला पी मुका, आणि हेलिकॉप्टरमधला तोच पी खणखणीत. दोन्हीकडे ‘पंख’ या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. निमॉनिक म्हणजे लक्षात ठेवायची क्लृप्ती, त्यातला एम मुका; अॅम्नेशिया म्हणजे स्मृतिभ्रंश, त्यातला बोलका. नॉस्टिकमध्ये ‘ग’ नाही, अॅग्नॉस्टिकमध्ये आहे. तसाच ‘थॉनिक’चा भाऊ ‘ऑटॉक्थनस’, म्हणजे त्याच मातीत उपजलेला, मूळचा. तिथे ‘क’ स्पष्ट ऐकू येतो. शब्दाच्या शेवटीही हाच न्याय लागतो. ‘पॅरडाइम’मध्ये जी मुका, पण पुढे स्वर आला की ‘पॅरडिग्मॅटिक’मध्ये तो बोलू लागतो, आणि वरच्या ‘बॉर्बरिग्मस’मध्येही बोलतो तो त्याचमुळे. हा एक नियम नीट लक्षात राहिला तर शे-दीडशे भीतिदायक शब्द एकदम माणसाळतात.

त्या मुक्या जोडाक्षराबद्दल अजून एक. ‘ख्थोन’ म्हणजे भूमी हा ग्रीक शब्द आणि संस्कृतातला भूमी याच अर्थाचा ‘क्षम्’ हे एकाच मुळाचे आहेत. ‘क्षमा’ आणि ‘क्ष्मा’ ही पृथ्वीची नावं आपल्या ओळखीची असतात. इंग्रजी जिभेला जे जोडाक्षर सोडून द्यावं लागलं, त्याच जागी आपल्याकडे ‘क्ष’ बसलाय, आणि मराठी माणूस ‘क्षण’ म्हणताना तो विनासायास उच्चारतो. म्हणून ‘थॉनिक’ म्हणताना आपली जीभ नकळत मागच्या ‘क’कडे ओढली जाते. इंग्रजी बोलताना तो ‘क’ सोडायचा असतो हे खरं, पण ती ओढ अडाणीपणाची नाही.

असाच एक शब्द अगदी जवळून पाहण्यासारखा आहे: एस-वाय-झेड-वाय-जी-वाय. यात ए, ई, आय, ओ, यू यांपैकी एकही नाही. उच्चार ‘सिझिजी’, जोर पहिल्या ‘सि’वर. सूर्य, पृथ्वी आणि चंद्र यांसारखे तीन खगोल जवळजवळ एका रेषेत आले की त्या स्थितीला हे नाव आहे. म्हणजे अमावास्येला आणि पौर्णिमेला, जेव्हा समुद्राला उधाणाची भरती येते. वाचणारे ‘सायझिगी’ म्हणतात, कारण वाय एकदा ‘आय’ वाटतो आणि जी नेहमीचा ‘ग’. प्रत्यक्षात पहिले दोन वाय ऱ्हस्व इ, शेवटचा ई, आणि वायच्या आधी आलेला जी इथे ‘ज’. खरी परीक्षा मधल्या झेडची. आपण त्याला ‘झ’ लिहितो, पण ‘झ’ म्हणताना जीभ आधी टेकते आणि मग सुटते. झेडला जीभ टेकतच नाही. ‘स्स्स्’ असा लांब आवाज काढावा, आणि जीभ जागची न हलवता त्यातच गळ्यातला नाद मिसळावा. गळ्यावर बोट ठेवलं तर थरथर कळते. तोच झेड. मग ‘सि’, लगेच तो घोंघावणारा ध्वनी घेऊन ‘झि’, आणि नंतर जीभ खुशाल टेकवून ‘जी’. दहा वेळा सावकाश म्हटलं की बसतो. अर्थाने हा शब्द म्हणजे ‘एकत्र जुंपलेले’. त्यातला ‘झिग’ म्हणजे ग्रीक जू, संस्कृतातलं ‘युग’, आणि बैलांच्या मानेवरचं आपलं मराठी ‘जू’सुद्धा. तिन्ही एकाच घरातले.

आतापर्यंतचे सगळे शब्द नियमाने चालले. अगदी ‘डॉर्ड’सुद्धा.

नियम मोडतात ते वेगळ्याच जातीचे शब्द. बी-ओ-ए-टी-एस-डब्ल्यू-ए-आय-एन हे अक्षरांनी ‘बोटस्वेन’ दिसतं, म्हणायचं ‘बोसन’: जहाजावरच्या डेकची आणि दोरखंडांची जबाबदारी ज्याच्यावर तो. ‘गनवेल’ दिसतं ते ‘गनल’, होडीच्या कडेचा वरचा काठ. ‘फोरकॅसल’ दिसतं ते ‘फोक्सल’, गलबताचा पुढचा भाग. हे शब्द वाऱ्यात, लाटांच्या आवाजात, घाईत ओरडून वापरले गेले आणि पायरीच्या दगडासारखे झिजले. लेखन मात्र होतं तसंच राहिलं. ‘व्हिक्चुअल्स’ असं वाचलं जाणारं, खाण्यापिण्याच्या सामानासाठीचं जुनं नाव, त्याचा उच्चार ‘विटल्झ’. तो फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात सी नव्हताच. लॅटिनशी नातं दिसावं म्हणून विद्वानांनी तो मागाहून घुसवला, पण तोंडाने तो कधी मान्य केला नाही. आणि ‘कर्नल’! इटालियनमध्ये ‘एल’, फ्रेंचमध्ये त्याच्या जागी ‘आर’. इंग्रजीत दोन्ही रूपं आली आणि शेवटी लेखनाने ‘एल’ ठेवला, बोलण्याने ‘आर’. मराठीत हा शब्द कानावाटे आला, म्हणून आपण मुकाट ‘कर्नल’ लिहितो आणि कुणाचंही चुकत नाही. इंग्रजी अक्षरं आधी डोळ्यांपुढे आली असती तर आपणही ‘कोलोनेल’ म्हणत बसलो असतो.

मला यात एक खूण दिसते. उच्चार लेखनापासून जितका लांब गेलेला, तितका तो शब्द माणसांच्या तोंडात राहिलेला. उलटंही घडतं. कपाळासाठीचा इंग्रजी शब्द पूर्वी सर्रास ‘फॉरिड’ म्हणत, आता बहुतेक ठिकाणी ‘फोरहेड’ ऐकू येतो. वेस्टकोटचा जुना उच्चार ‘वेस्किट’ होता, तोही असाच अक्षरांकडे परत वळला. ऐकणारे कमी आणि वाचणारे जास्त झाले की लेखन उच्चाराला ओढून आणतं. म्हणून ‘दिशाभूल झालेला’ या अर्थाच्या ‘मिसलेड’ला ‘मिझल्ड’, ‘वाकडंतिकडं’ या अर्थाच्या ‘अराय’ला ‘ऑरी’, किंवा ‘मूर्तिमंत नमुना’ या अर्थाच्या ‘इपिटमी’ला ‘एपिटोम’ म्हणणाऱ्याला हसणाऱ्यांचा मला राग येतो. त्या माणसाला तो शब्द पुस्तकातून, एकट्याने, कुणी न शिकवता भेटलेला असतो. शिवाय लेखन आणि उच्चार फारकत घेतात हे काही इंग्रजीचंच वैशिष्ट्य नाही. ‘चार’ आणि ‘चारा’ यांतले दोन ‘च’ वेगळे, ‘थोडं’ या अर्थाचा ‘जरा’ आणि म्हातारपणाची ‘जरा’ यांतले दोन ‘ज’ वेगळे. अक्षर एकच. मराठी पुस्तकातून शिकणाऱ्या परक्या माणसाचा अर्धा क्षण तिथे जातो.

अर्थांबाबतही असाच सावधपणा लागतो, कारण दुर्मीळ शब्दांच्या याद्यांमधले एका ओळीचे अर्थ बरंच काही गाळतात. ‘पेट्रिकॉर’ आता पुष्कळांना माहीत आहे. पेट्रिचोर नव्हे: ग्रीक सी-एच, म्हणून ‘क’. इझबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या दोन शास्त्रज्ञांनी तो १९६४ साली ‘नेचर’ नियतकालिकात घडवला. ‘पेट्रा’ म्हणजे खडक, ‘आयकॉर’ म्हणजे ग्रीक देवांच्या धमन्यांतून वाहणारा द्रव. सुटा असताना ‘आय’ने सुरू होणारा हा शब्द जोडात नुसता ‘इ’ होतो, कारण आघात आधीच्या ‘पे’वर गेला. त्या दोघांनी हे नाव दिलं ते खडकांतून आणि मातीतून येणाऱ्या वासाला. त्या वासामागच्या, खडकांत आणि मातीत साठणाऱ्या तेलकट अंशालाही ते चिकटलं. आपला ‘मृद्गंध’ मात्र नुसता वासच आहे. म्हणून दोन्ही एकच असं लिहिताना मला जरा थबकायला होतं. ‘लुप्त’ आणि ‘जुनाट’ या कोशातल्या शेऱ्यांनाही ठरलेला अर्थ असतो. मेरियम-वेबस्टरच्या कोशांत ‘लुप्त’ म्हणजे १७५५ नंतर वापराचा पुरावा न मिळालेला. हे साल जॉन्सनच्या कोशाचं. अधूनमधून अजून डोकावत असेल तर तो शब्द ‘जुनाट’. लिहिताना जुनाट शब्द उचलला तर वाचक ओळखेल अशी थोडी आशा असते. लुप्त शब्द वापरायचा तर त्याचा अर्थ वाक्यातूनच उलगडावा लागतो.

डॉर्ड यांपैकी कशातच बसत नाही. लुप्त व्हायला आधी असावं लागतं. वॉल्टर स्कीट यांनी १८८६ साली अशा शब्दांना ‘भूतशब्द’ म्हटलं. त्यांच्या उदाहरणांत छापखान्याने ‘नाइव्ह्ज’ म्हणजे सुऱ्यांचं ‘काइम्स’ करून टाकल्याचं एक आहे; वाचणाऱ्यांना ते एखादं भयंकर हत्यार वाटलं असणार. १९३९ मध्ये पकडल्यावरही डॉर्डला छापील पानांवरून उतरवायला आणखी काही वर्षं गेली. पुढे वेबस्टर कोशाचे मुख्य संपादक झालेल्या फिलिप गोव्ह यांनी १९५४ साली ही सगळी हकिगत लिहिली. चिठ्ठी चुकीच्या गठ्ठ्यात पडली तेव्हा शब्द जन्मला, असं ते म्हणत नाहीत. कुणीतरी उच्चार लिहिला तेव्हा त्याच्या पाठीवर थाप बसली आणि त्याचा श्वास सुरू झाला, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय आहे. त्यांना त्याच्याबद्दल माया वाटत असावी. डॉर्डचा अर्थ घनता असायला काय हरकत होती, असंही ते विचारतात. म्हणून पाहिलं तर खरंच हरकत वाटत नाही. ड, मग तोंड गोल करून ‘ऑ’, आणि शेवटी जीभ टाळूला टेकवून पुन्हा ड. आखूड, जड, भरीव. तो उच्चार लिहिणाऱ्याने चिठ्ठी पुढे सरकवली, आणि व्युत्पत्तीची जागा तेवढी कोरी राहिली.